पडद्यावरचा उजेड कुणाचा?

मराठीत ‘उजेड पाडणे’ हा वाक्प्रचार आपण बहुधा टोमणा मारण्यासाठी वापरतो. “मोठा उजेड पाडलास!” असे एखाद्याला म्हटले म्हणजे त्याने काय करून ठेवले असेल ते वेगळे सांगावे लागत नाही. पण उजेड पाडणे हाच ज्यांचा व्यवसाय, त्यांच्याविषयी आपण फारसे बोलत नाही. चित्रपट पाहून बाहेर पडताना आपल्या तोंडी नायिकेचे नाव असते, गाणे असते, फार तर दिग्दर्शकाचे नाव असते. तो चेहरा ज्याच्या उजेडात आपल्याला दिसला, त्या माणसाचे नाव श्रेयनामावलीत येऊन गेलेले असते. पण त्या वेळी आपण अंधारात खुर्चीचा नंबर शोधत असतो.

इतिहासाच्या अभ्यासकाला ही गोष्ट काही नवी नाही. किल्ला कुणी जिंकला ते बखरीत सापडते. तोफ कुणी ओतली, दारू कुणी कुटली, ते शोधू गेले तर कागद हाती लागत नाही. चित्रपटाचे वय ते किती, सव्वाशे वर्षांचे! त्यातही हाच प्रकार व्हावा, याचे मात्र नवल वाटते. म्हणून आज एकाच माणसाची हकीकत सांगणार आहे. वेंकटरामा पंडित कृष्णमूर्ती, म्हणजेच व्ही. के. मूर्ती. गुरुदत्त यांच्या ‘प्यासा’ आणि ‘कागज़ के फूल’ या चित्रपटांचे छायालेखक.

त्याआधी थोडे मागे जाऊ. आपल्याकडे चित्रपट सुरू झाला तेव्हा प्रकाशयोजनेचे सारे काम सूर्यनारायणाकडे होते. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली मुंबईत पडद्यावर आला. त्याचा कॅमेरा फाळक्यांचे सहकारी त्र्यंबक तेलंग यांनी फिरवला. किती मराठी माणसांना हे नाव ठाऊक असेल? तिकडे कोल्हापुरात आनंदराव आणि बाबूराव या पेंटर बंधूंनी कॅमेराच घरी बनवायचे मनावर घेतले. आनंदराव १९१६ साली वारले. बाबूरावांनी दामल्यांच्या मदतीने १९१८ मध्ये तो पुरा केला. ‘सिंहगड’ (१९२३) च्या वेळी बाबूरावांनी कृत्रिम दिवे वापरले आणि सूर्याची मक्तेदारी संपली. एकदा दिवे आले की प्रश्न बदलतो. आता नुसते ‘दिसते का?’ असे विचारून भागत नाही. ‘काय दिसू द्यायचे आणि काय झाकायचे?’ हे कुणीतरी ठरवावे लागते. छायालेखक हा खऱ्या अर्थाने या प्रश्नातून जन्माला आला. ‘छाया’ हा शब्द आपण आधी घेतला, हे किती नेमके झाले!

मूर्तींचा जन्म २६ नोव्हेंबर १९२३ रोजी म्हैसूरचा. लहानपणापासून व्हायोलिनचा नाद. १९४२ च्या आंदोलनाच्या लाटेत त्यांना तुरुंगवासही घडला. त्या काळात चित्रपटाचे तंत्र शिकायचे म्हणजे कुणाच्या तरी हाताखाली पडेल ते काम करीत उमेदवारी करायची, एवढाच मार्ग होता. म्हैसूर संस्थानाने मात्र बंगलोरच्या श्री जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये छायालेखनाचा अभ्यासक्रम सुरू केला होता. मूर्तींनी १९४६ साली तिथली पदविका घेतली आणि मुंबईची वाट धरली.

मुंबईत पदविकेला कोण विचारतो? तिथे पुन्हा उमेदवारीच नशिबी आली. पण गुरू चांगले भेटले. फली मिस्त्री हे त्या वेळचे नावाजलेले छायालेखक. काळोख आणि उजेड यांचे पक्के गणित त्यांच्यापाशी होते. मूर्ती त्यांच्या हाताखाली शिकले. पुढे व्ही. रात्रा यांचे सहायक असताना १९५१ मध्ये ‘बाज़ी’चे काम आले. देव आनंद यांच्या नवकेतनचा चित्रपट आणि दिग्दर्शक अगदी नवा, गुरुदत्त पदुकोण. देव आनंद आणि गुरुदत्त यांची ओळख पुण्यात प्रभातमध्ये झाली होती, हे आपल्यापैकी पुष्कळांना माहीत असेल. त्या चित्रपटातल्या एका क्लबच्या गाण्यात, आरशातल्या प्रतिबिंबापासून सुरुवात करून कॅमेरा वळवत न्यावा अशी एक अवघड हालचाल मूर्तींनी सुचवली. सहायकाने असे सुचवणे म्हणजे जरा आगाऊपणाच. रात्रा यांचा मोठेपणा असा की, त्यांनी ते काम मूर्तींच्याच हाती दिले. ती हालचाल गुरुदत्तांच्या मनात भरली. पुढच्याच वर्षी ‘जाल’ (१९५२) मध्ये मूर्ती स्वतंत्र छायालेखक झाले आणि ‘बाज़’, ‘आरपार’, ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ असे करीत ही जोडी दहा वर्षे टिकली.

आता हे काम असते तरी कसे, ते थोडे पाहू. रेडिओवरून उजेडाविषयी बोलायचे म्हणजे आंधळी कोशिंबीर खेळण्यासारखेच आहे. पण आपण डोळ्यांसमोर आणा. एक खोली आहे, म्हणजे खोलीच्या तीन भिंती. चौथी भिंत नाहीच, तिथे कॅमेरा उभा आहे. वर छताजवळ फळ्या टांगलेल्या आहेत आणि त्यांवर उघड्या अंगाचे, घामाने निथळणारे लाइटमन दिवे धरून बसले आहेत. एक दिवा मुख्य. तो चेहऱ्याला आकार देतो. दुसरा मंद, पहिल्याने पडलेल्या सावल्या किती काळ्या ठेवायच्या ते त्याच्याकडे. तिसरा पाठीमागून, तो केसांवर आणि खांद्यावर चंदेरी रेघ ओढतो आणि माणसाला भिंतीपासून सोडवून पुढे आणतो. रंगीत चित्रात लाल साडी हिरव्या भिंतीपुढे आपोआप उठून दिसते. काळ्यापांढऱ्या चित्रात लाल आणि हिरवा दोन्ही करड्याच छटेचे होऊन एकमेकांत मिसळून जाण्याचा धोका असतो. तिथे वस्तू वेगळी काढायची ती उजेडानेच. म्हणून काळ्यापांढऱ्या चित्रपटातला छायालेखक हा चित्रकाराला जास्त जवळचा. शाई आणि कागद, एवढ्यावर त्याला सारे भागवावे लागते.

‘प्यासा’ (१९५७) मधला तो प्रसंग आठवा. कवी मेला असे समजून त्याची स्मृतिसभा भरली आहे. जिवंतपणी ज्यांनी त्याला दारात उभे केले नाही, तेच आता गळे काढीत आहेत. आणि सभागृहाच्या दाराशी तो स्वतः येऊन उभा राहतो. मागून उजेडाचा लोट येतो आहे, दोन्ही हात दाराच्या चौकटीला टेकलेले आहेत आणि चेहरा पूर्ण काळोखात आहे. नायकाचा चेहराच दिसत नाही! कोणत्याही निर्मात्याने कपाळाला हात लावावा अशी गोष्ट. पैसे मोजतो तो चेहऱ्याचे. पण इथे चेहरा दिसला असता तर तो एक माणूस ठरला असता. दिसत नाही म्हणून तो भुतासारखा वाटतो, क्रूसावरच्या ख्रिस्तासारखाही वाटतो. तंत्राच्या भाषेत यात दोनच गोष्टी आहेत. मागचा दिवा मोठा केला आणि पुढचा विझवला. कोणता विझवायचा हे कळायला मात्र दहा वर्षांची उमेदवारी लागते.

गुरुदत्तांना डोळ्यांचा फार सोस. ७५ आणि १०० मिलिमीटरच्या भिंगांनी ते चेहरे जवळून टिपायला लावीत. अशा भिंगात चेहरा स्पष्ट आणि मागचे सारे धूसर होते. नट दोन बोटे पुढेमागे झाला तरी डोळे अस्पष्ट होतात. म्हणजे दिग्दर्शकाची आवड आणि छायालेखकाचा जीव टांगणीला!

मग आला ‘कागज़ के फूल’. १९५९ साल. हिंदुस्थानातला पहिला सिनेमास्कोप चित्रपट. अमेरिकेत हे तंत्र १९५३ मध्ये ‘द रोब’ या चित्रपटाने आणले होते. विशिष्ट भिंगातून चित्र आडवे दाबून नेहमीच्याच फितीवर घ्यायचे आणि दाखवताना तशाच भिंगाने पुन्हा पसरायचे. पडदा उंचीच्या सव्वादोन पटींहून अधिक रुंद होतो. लढाया, मिरवणुका, रथांच्या शर्यती यांना तो फार सोयीचा. पण गुरुदत्तांची गोष्ट कसली, तर एका दिग्दर्शकाच्या एकटेपणाची! एवढ्या रुंद पडद्यावर एकटा माणूस उभा केला तर उरलेल्या जागेचे करायचे काय? मूर्तींनी ती जागा भरली नाही. अंधाराने आणि अर्धवट उजेडाने त्यांनी ती रिकामीच ठेवली, आणि तो रिकामेपणाच गोष्टीचा विषय झाला. याचे श्रेय कलादिग्दर्शक म. रा. आचरेकर यांनाही दिले पाहिजे. हे आपले मराठी चित्रकार. स्टुडिओचाच देखावा त्यांना स्टुडिओत उभा करायचा होता.

या चित्रपटातल्या एका गाण्याने मूर्तींचे नाव अमर केले. गीत कैफी आझमी यांचे, संगीत सचिनदेव बर्मन यांचे, आवाज गीता दत्त यांचा. नायक आणि नायिका रिकाम्या स्टुडिओत दूर दूर उभे आहेत, दोघांपैकी कुणीही ओठ हलवीत नाही, आणि वरून एक भला मोठा प्रकाशाचा झोत तिरका उतरतो आहे. मराठीत याला सुरेख शब्द आहे: कवडसा. आपल्या जुन्या घरांत कौलातल्या फटीतून माजघरात उतरतो तोच हा. फक्त हा एखाद्या देवळाच्या खांबाएवढा.

गुरुदत्तांना हा कवडसा हवा होता, आणि तो खऱ्या सूर्याचा वाटायला हवा होता. चित्रण वांद्र्याच्या मेहबूब स्टुडिओत चालू होते. आता अडचण पाहा. मोठ्यात मोठा दिवा आणला तरी तो जवळ असतो. त्याचे किरण पंख्यासारखे फाकत जातात. सूर्य आहे सुमारे १५ कोटी किलोमीटरवर. त्याचे किरण आपल्यापर्यंत येतात ते जवळजवळ समांतर. प्रेक्षकाला हे शास्त्र ठाऊक नसेल, पण त्याने जन्मभर खरे कवडसे पाहिलेले असतात. फाकणारा झोत दाखवला की त्याच्या डोळ्याला तो दिवाच वाटणार. मग मूर्तींनी काय केले? त्यांनी दिव्याचा नाद सोडला आणि खरा सूर्यच आत आणला. एक मोठा आरसा बाहेर उन्हात धरला, त्याचे ऊन आत वर फळ्यांवर ठेवलेल्या दुसऱ्या आरशावर घेतले आणि तिथून ते खाली स्टुडिओत सोडले. दिवाळीत पोरे आरशाने समोरच्या घरात ऊन फेकतात, तीच ही युक्ती, बरं का!

युक्ती सोपी, पण ती चालवून दाखवणे सोपे नाही. सूर्य काही ‘कट’ म्हटल्यावर थांबत नाही. आकाशात तो साधारण दोन मिनिटांत आपल्या बिंबाच्या रुंदीइतका सरकतो. म्हणजे आरसा जागचा हलवला नाही, तर शंभर फुटांवर पडलेले ऊन दोन मिनिटांत जवळजवळ फूटभर बाजूला जाते. हालचाली, कॅमेरा आणि गाण्याची फीत यांच्याबरोबर ते आरसेही सांभाळायचे. ढग आला की काम बंद. शिवाय कवडसा दिसायचा तर हवेत धूळ किंवा धूर हवा; निर्मळ हवेत प्रकाश डोळ्यांसमोरून जातो आणि आपल्याला पत्ताही लागत नाही. घरात केर काढताना कवडसा उठून दिसतो तो याचमुळे. त्याच गाण्यात दोघांच्या देहांतून पारदर्शक छाया निघून झोतात एकमेकांना भेटतात. एका चित्रावर दुसरे चित्र घेण्याची जुनी करामत तिथे वापरली आहे.

चित्रपट साफ पडला. लोकांना तो रडका वाटला. त्यानंतर गुरुदत्तांनी दिग्दर्शक म्हणून आपले नाव पुन्हा कधीही लावले नाही. मूर्तींना आणि आचरेकरांना मात्र त्याच चित्रपटासाठी फिल्मफेअरचे पारितोषिक मिळाले. ज्या घरात सुतक त्याच घरात बारसे, असा हा प्रकार.

संस्था जगवायला गुरुदत्तांनी लगेच ‘चौदहवीं का चाँद’ (१९६०) काढला. दिग्दर्शक एम. सादिक. चित्रपट काळापांढरा, तो उत्तम चालला, तेव्हा शीर्षकगीत पुन्हा रंगीत करून घालण्यात आले. रंगीत फितीला त्या काळी उजेड फार लागे. वहिदा रहमान यांनी पुढे सांगितले आहे की, त्या दिव्यांच्या आचेने त्यांचे डोळे लाल होत. रंगाचे तंत्र शिकण्यासाठी मूर्ती विलायतेलाही जाऊन आले. ‘द गन्स ऑफ नॅव्हरोन’चे काम त्यांनी तिथे जवळून पाहिले. पण त्यांचा पुढचा मोठा चित्रपट पुन्हा काळापांढराच होता.

‘साहिब बीबी और ग़ुलाम’ (१९६२), बिमल मित्र यांच्या कादंबरीवरून, दिग्दर्शक अबरार अल्वी. छोटी बहू पहिल्यांदा दिसते ती कशी? भूतनाथ बिचारा मान खाली घालून आला आहे, म्हणून कॅमेऱ्याचीही मान खाली. आधी गालिचा, मग पावले, आणि मग कुठे मीनाकुमारींचा चेहरा. त्याच चित्रपटात एक नाचगाणे आहे. साथीच्या नर्तकींचे चेहरे दिसू नयेत असे गुरुदत्तांच्या मनात आले. मूर्तींनी असा उजेड केला की, मधली नर्तकी लख्ख उजळलेली आणि मागच्या साऱ्याजणी नुसत्या काळ्या आकृती. एकाच जागी, एकाच वेळी, हाताच्या अंतरावर ऊन आणि रात्र! दिव्यांचा उजेड मागच्या बायकांवर सांडू न देणे, हेच यातले कसब. या चित्रपटासाठीही त्यांना फिल्मफेअर मिळाले.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. हा उजेड कुणाचा? कवडसा हवा, हे गुरुदत्तांना सुचले. आरसे मूर्तींना सुचले. समीक्षकांनी लिहिताना मात्र ‘गुरुदत्तांचा कवडसा’ असेच लिहिले. मला हे पूर्ण पटत नाही, आणि उलट बाजूही पूर्ण पटत नाही. १० ऑक्टोबर १९६४ रोजी गुरुदत्त गेले, अवघ्या ३९ व्या वर्षी. त्यानंतर मूर्तींनी भरपूर काम केले. प्रमोद चक्रवर्ती यांच्यासाठी ‘लव्ह इन टोकियो’, ‘नया ज़माना’, ‘जुगनू’ केले. हे चित्रपट चालले, त्यांचे छायालेखन चोख आहे. पण त्यांतला उजेड कुणाला चाळीस-पन्नास वर्षांनी आठवत नाही. चक्रवर्तींच्या गोष्टींना काळोखाची गरजच नव्हती, त्याला मूर्ती काय करणार? वाजवणारा तोच, व्हायोलिन तेच, पण मैफल दुसरी. तेव्हा हिशेब असा मांडावा लागतो की, मागणारा जबर असल्याशिवाय देणाऱ्याचे सारे बाहेर येत नाही. आणि देणारा नसेल तर मागणाऱ्याचे मागणे हवेतच राहते. माझा वाद एवढाच की, नाव लिहायचे तर दोघांचेही लिहावे. तिसरे नाव त्या उन्हात आरसा धरून उभ्या राहिलेल्या लाइटमनचे. ते कुठेच लिहिलेले नाही.

मूर्तींची विद्या पुढे कुठे गेली, हे मराठी माणसाने मुद्दाम लक्षात ठेवावे. बंगलोरच्या त्याच पॉलिटेक्निकमधून शिकून आलेले गोविंद निहलानी सुमारे दहा वर्षे मूर्तींचे सहायक होते. विजय तेंडुलकरांच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’वरून सत्यदेव दुबे यांनी १९७१ मध्ये मराठी चित्रपट केला, त्याचे छायालेखन निहलानींचे. पुढे ‘अंकुर’चा कॅमेराही त्यांच्याच हाती होता, आणि दिग्दर्शक झाल्यावर तेंडुलकरांनीच लिहिलेला ‘आक्रोश’ त्यांनी १९८० मध्ये केला. त्यातल्या अंधाऱ्या चौकटी पाहताना तालीम कुठली, ते ओळखू येते. पुढे या शिष्याने ‘तमस’ (१९८८) काढला, तेव्हा कॅमेऱ्यामागे गुरूला बोलावले. त्याच सुमारास श्याम बेनेगल यांच्या ‘भारत एक खोज’ या दूरदर्शन मालिकेचे छायालेखनही मूर्तींनी केले. म्हणजे सिनेमास्कोपच्या त्या विस्तीर्ण पडद्यापासून घरातल्या वीतभर पडद्यापर्यंतचा प्रवास एकाच माणसाने केला. त्याआधी कमाल अमरोही यांच्या ‘रज़िया सुलतान’ (१९८३) चे वाळवंट त्यांनी टिपले होते. १९९३ साली ‘हूवु हण्णु’ हा कन्नड चित्रपट त्यांनी केला. आयुष्यभर हिंदीत काम केलेल्या माणसाने मातृभाषेसाठी कॅमेरा हाती घेतला तो सत्तरीच्या उंबरठ्यावर.

दादासाहेब फाळके यांच्या नावाचा सन्मान केंद्र सरकारने १९६९ पासून सुरू केला. पहिला मान देविकाराणींचा. नंतर नट, नट्या, निर्माते, दिग्दर्शक, गायक, संगीतकार असे सारे येऊन गेले. नितीन बोस यांना तो मिळाला, आणि बोस मुळात कॅमेरामन. पण त्यांची ओळख दिग्दर्शक म्हणूनच होती. जन्मभर केवळ छायालेखनच केलेल्या माणसाची पाळी यायला जवळजवळ चाळीस वर्षे जावी लागली. २००८ सालचा तो पुरस्कार मूर्तींना जाहीर झाला आणि २०१० मध्ये राष्ट्रपती प्रतिभा पाटील यांच्या हस्ते त्यांनी तो स्वीकारला. तेव्हा त्यांना ८७ वे वर्ष चालू होते. ज्या फाळक्यांनी स्वतः कॅमेरा शिकून घेतल्यावरच चित्रपटाला हात घातला, त्यांच्या नावाचा हा पुरस्कार!

मूर्ती उतारवयात बंगलोरला परत गेले होते. तिथेच ७ एप्रिल २०१४ रोजी, नव्वदी ओलांडून, त्यांचे निधन झाले. दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रांनी त्यांच्या बातमीला चित्र कोणते द्यावे? बऱ्याच ठिकाणी वहिदा रहमान आणि गुरुदत्त होते, आणि वरून उतरणारा तो झोत.